आंब्याचं कलम, सरकारचं कलम

रेवदंड्याच्या नाक्यावर एसटीतून उतरलं की अजूनही एखादी म्हातारी कपाळावर आडवा हात धरून निरखते आणि विचारते, "कुणाचा रे तू?" नुसतं नाव सांगून भागत नाही. तिला बापाचं नाव हवं असतं, मग आळी, मग आजीचं माहेर. कुठेतरी धागा सापडला की ती म्हणते, "म्हणजे आपलाच की!" आणि मगच पुढे जाऊ देते.

हाच प्रश्न अलिबागेत आला तर मी चौलचा असतो. मुंबईत अलिबागचा असतो आणि तसं म्हटलं की समोरचा गालातल्या गालात हसतो, कारण मुंबईच्या हिंदीत 'अलिबाग से आया है क्या' म्हणजे 'बावळट आहेस का'. (या वाक्यावर बंदी घाला म्हणून एका अलिबागकराने उच्च न्यायालयात याचिका केली होती. २०१९ साली न्यायालयाने ती फेटाळली. मला दोन्ही बाजू पटल्या.) पुण्यात मी कोकणातला, दिल्लीत महाराष्ट्रातला. माणूस तोच, विचारणारा बदलला की उत्तर बदलतं.

साम्राज्य, सांस्कृतिक देवघेव आणि आधुनिकीकरण हे तीन शब्द पुस्तकात एकत्र आले की डोळ्यांवर झापड येते. पण त्यांच्या पोटात हाच म्हातारीचा प्रश्न आहे. तुम्ही कोण, हे कोण विचारतंय आणि तुमचं उत्तर कुठे लिहून ठेवतंय, एवढीच भानगड. आमच्या किनाऱ्यावर विचारणारे दोन हजार वर्षं बदलत राहिले, म्हणून ती इथून समजावून सांगायला सोपी.

मदतीला मराठीतलाच एक शब्द घेतो: कलम. लेखणी म्हणजे कलम, कायद्यातली तरतूद म्हणजे कलम आणि आंब्याचं रोप तेही कलमच. शब्द अरबी-फारसीतून आला. मूळ अर्थ बोरूची लेखणी, म्हणजे तासून टोक काढलेली काडी. झाडाला बांधायची काडीही तशीच तासतात. बाहेरून आलेलं काहीतरी लोकांनी आपल्या खोडावर बांधून घेतलं, तर ते आंब्याचं कलम. बाहेरून आलेल्याने लोकांना कागदावर लिहून टाकलं, तर ते सरकारचं कलम. पहिल्याला देवघेव म्हणा, दुसऱ्याला साम्राज्य. प्रत्यक्षात दोन्ही एकाच वेळी चालू असतात आणि सगळा गोंधळ तिथेच होतो.

बंदरात येणारे आणि बंदरात बसणारे

चौल आज नारळी-पोफळीच्या वाड्यांचं गाव आहे. बंदर म्हणावं असं तिथे काही दिसत नाही. पण पहिल्या शतकातल्या एका ग्रीक खलाशाच्या मार्गदर्शिकेत ते 'सेमिल्ला' या नावाने येतं, कल्याण आणि सोपाऱ्याच्या पंगतीत. दहाव्या शतकात अल-मसुदी हा अरब प्रवासी इथे आला. त्याने गावाचं नाव 'सैमूर' लिहिलं आणि इथे दहा हजारांच्या आसपास मुसलमान राहतात अशी नोंद केली. सिराफ, ओमान, बसरा, बगदाद इथून आलेले हे लोक. राजा शिलाहारांपैकी झंझ. त्याने या लोकांचे तंटे सोडवायला त्यांच्यातलाच एक जण नेमला होता. बाहेरून आलेल्यांच्या इथे जन्मलेल्या पोरांनाही मसुदीने वेगळं नाव नोंदवलंय: 'बयासिरा'. म्हणजे 'तू नक्की कुठला' हा प्रश्न चौलमध्ये निदान अकराशे वर्षं जुना आहे.

पुढे १४६९ च्या सुमाराला अफनासी निकितीन नावाचा रशियन व्यापारी चौललाच उतरला. विकायला एक घोडा घेऊन आला होता बिचारा. मी जिथे जाईन तिथे लोक मागे येतात आणि गोऱ्या माणसाचं नवल करतात, असं त्याने लिहून ठेवलंय. पाहुणा आला की मागे मागे फिरायची आमची सवय तेव्हापासूनची.

हे सगळे आले, राहिले, काहींनी इथे लग्नं केली, मशिदी बांधल्या. पण समुद्राला त्यांनी कुंपण घातलं नाही. पोर्तुगीजांनी घातलं. १४९८ मध्ये वास्को द गामा कालिकतला पोचला, १५१० मध्ये गोवा गेलं, सोळाव्या शतकाच्या सुरुवातीलाच निजामशाहीच्या परवानगीने पोर्तुगीज आमच्या रेवदंड्यात घुसले, १५३४ मध्ये वसई त्यांची झाली. त्यांनी एक कागद काढला, 'कार्ताझ'. या समुद्रात जहाज हाकायचं तर आमचा परवाना घ्या, आमच्या नाक्यावर जकात भरा, नाहीतर जहाज जप्त. तोवर हिंदी महासागराला मालक नव्हता. व्यापारी आणि साम्राज्य यांतला फरक सांगायला मला याहून सोपं उदाहरण सापडलेलं नाही. व्यापारी माल घेतो आणि मोसमी वारा फिरला की जातो. साम्राज्य नाक्यावर टेबल टाकून बसतं.

आणि टेबल टाकणं ही शिकता येणारी विद्या आहे. शिवाजी महाराजांनी आरमार उभं करायला घेतलं तेव्हा सुरुवातीच्या जहाजबांधणीत पोर्तुगीज कारागीर होते. कान्होजी आंग्र्यांनी तर परवान्याची युक्तीच उचलली. त्यांचं दस्तक नसेल तर जहाज धरलं जाई, मग ते इंग्रजांचं का असेना. इंग्रजी कागदांत कान्होजी चाचे आहेत, आमच्या कागदांत सरखेल, म्हणजे आरमाराचे प्रमुख. काम एकच, फक्त लेखणी कुणाच्या हातात एवढाच फरक. १७५६ मध्ये विजयदुर्गाजवळ आंग्र्यांचं आरमार जळालं ते इंग्रज आणि पेशवे यांनी मिळून जाळलं, हे आपण शाळेत जरा भरभर वाचतो.

एकादशीच्या ताटात अमेरिका

आता आंब्याच्या कलमाकडे वळू.

कोयीपासून उगवलेला आंबा म्हणजे रायवळ. त्याचं फळ आईसारखं निघेलच असं नाही. गोड झाडाची कोय लावली तर आंबट झाड येऊ शकतं. हवा तोच स्वाद पुन्हा हवा असेल तर त्या झाडाची काडी दुसऱ्या रोपावर बांधावी लागते. गोव्यात पोर्तुगीजांच्या काळात हे तंत्र आंब्यावर जोरात वापरलं गेलं आणि नव्या जातींना त्यांच्याच माणसांची नावं पडली. 'अफोन्सो'चा आपण हापूस केला. पायरीही अशाच एका पोर्तुगीज आडनावावरून आली असं सांगतात. झाड आपलं, माती आपली, कसब आणि नाव बाहेरचं. आणि आज 'कोकणची ओळख काय' विचारलं तर शेंबडं पोर हापूस म्हणतं. २०१८ मध्ये रत्नागिरी, सिंधुदुर्ग, रायगड, ठाणे, पालघर या जिल्ह्यांच्या हापूसला भौगोलिक मानांकनही मिळालं, म्हणजे आंब्याच्या कलमावर सरकारचं कलम बसलं.

काजू ब्राझीलहून आला. अननस, पपई, पेरू, तंबाखू ही सगळी मंडळी त्याच जहाजांतून उतरली. पेरू हा शब्द तर त्यांच्या भाषेत नासपतीचा. मिरचीची गंमत वेगळी आहे. ती अमेरिकेची, पण आपल्याकडे आधी काळी मिरी होती म्हणून तिचं नाव मिरीवरूनच पडलं. सीताफळ आणि रामफळसुद्धा अमेरिकेतूनच आली असं मानतात, आणि आपण त्यांना थेट वनवासात नेऊन बसवलं. माझी आजी एकादशीला धान्य शिवत नसे. ताटात साबुदाणा, बटाटा, रताळं, शेंगदाणे, हिरवी मिरची. यातली एकही वस्तू कोलंबसाच्या आधी या देशात नव्हती. तिला हे सांगितलं तेव्हा ती म्हणाली, "मग काय झालं? देवाला चालतं." वादच मिटला.

शब्दही असेच उतरले. पाव, पगार, चावी, बटाटा, कोबी, लिलाव, तुरुंग, घमेलं, फीत, पिंप, काडतूस, बिजागरी, नाताळ. ही यादी नीट बघा. स्वयंपाकघर, सुतारकाम, नोकरी, कैद. बाहेरच्या माणसाशी आपला संबंध जिथे जिथे आला, तिथला तिथला शब्द राहिला. प्रेम, दुःख, आई, मरण यांना पोर्तुगीज शब्द चिकटला नाही. देवघेवीची खोली मोजायची ही एक कच्ची पट्टी आहे, आणि पगार व तुरुंग हे दोन शब्द एकाच गलबतातून आले हे विसरू नये.

कारण दुसरी बाजूही त्याच काळाची आहे. गोव्यात १५६० मध्ये धर्मन्यायालय सुरू झालं, देवळं पडली, माणसं गाव सोडून पळाली. वसईच्या पट्ट्यात धर्मांतरं झाली, काही पोटासाठी, काही धाकाने, काही मनापासून, आणि कुठलं कशामुळे हे आज बसून वेगळं काढता येत नाही. १७३९ मध्ये चिमाजी आप्पांनी वसई घेतली तेव्हा चर्चमधल्या घंटा काढून देवळांत नेल्या. नाशिकच्या नारोशंकराच्या देवळातली घंटा त्यातलीच, तिच्यावर १७२१ साल आहे. विजयाची खूण म्हणून आणली ती, पण तिन्हीसांजेला वाजताना ती आरतीचीच वाटते.

कोर्लई, शनिवार तेली आणि पश्चिमेचे 'ईस्ट इंडियन'

रेवदंड्याहून कुंडलिकेच्या खाडीवरचा पूल ओलांडला की कोर्लई. किल्ल्याच्या पायथ्याशी छोटंसं ख्रिस्ती गाव. १७४० मध्ये पोर्तुगीज इथून गेले, भाषा मात्र ठेवून गेले. हे गावकरी आजही घरात पोर्तुगीजपासून झालेली एक बोली बोलतात. बोलणारे हजाराच्या आतबाहेर. ते तिला 'नो लिंग' म्हणतात, म्हणजे 'आपली भाषा'. भाषेच्या अभ्यासकांना ती फार मोलाची वाटते, कारण तिच्यातले शब्द पोर्तुगीज आहेत आणि वाक्याची ठेवण हळूहळू मराठीसारखी झाली आहे. क्रियापद शेवटी.

राज्यकर्ता गेल्यावर पावणेतीनशे वर्षं भाषा टिकली कशी? निष्ठेने, असं म्हणायला छान वाटतं. मला वाटतं कारण साधं आहे. धर्म बदलला म्हणून शेजारच्या हिंदू गावांशी रोटीबेटी तुटली, पोर्तुगीजांच्या लेखी ते कधी बरोबरीचे नव्हतेच. लग्नं गावातल्या गावात, चर्च गावात. अशा बंद खोलीत भाषा टिकते, लोणच्यासारखी. पुढे मराठी शाळा आली, चर्चमधली प्रार्थना मराठीत झाली, पूल झाला, पोरं अलिबागला कॉलेजात जाऊ लागली. दारं उघडली तशी भाषा पातळ व्हायला लागली. आता कुणी मला सांगावं की यात चांगलं काय आणि वाईट काय. भाषा वाचावी म्हणून माणसांनी कोंडून राहावं असं मी तरी म्हणणार नाही. एसटीत शेजारी बसलेल्या एका कोर्लईच्या बाईंना मी एकदा मोठ्या उत्साहाने पोर्तुगीजबद्दल विचारलं. त्या म्हणाल्या, "पोर्तुगीज नाय, आमची." आणि मासळीची टोपली पायाशी ओढून घेतली.

अलिबागेच्या दुसऱ्या अंगाला नवगाव आहे. फार पूर्वी तिथे एक गलबत फुटलं आणि वाचलेल्या थोड्या माणसांपासून आमचा समाज झाला, अशी बेने इस्रायल लोकांची आख्यायिका. ते गावोगाव तेलाचे घाणे चालवत आणि शनिवारी घाणा बंद ठेवत. गावाने त्यांना नाव दिलं: शनिवार तेली. आडनावंही गावांचीच: पेणकर, रोहेकर, नवगावकर, दिवेकर. मुलाची सुंता आठव्या दिवशी, बिनखवल्याचा मासा वर्ज्य आणि मराठी मात्र घाटीदेखील ओळखणार नाही इतकी कोकणी वळणाची. एलियाहू हन्नबी या प्रेषिताच्या नावाने मलिदा करायचा, तोही पोहे, खोबरं, गूळ घालून.

'आपण ज्यू आहोत' हे त्यांना रूढींतून ठाऊक होतं, पण पुस्तकातून नव्हतं. एकोणिसाव्या शतकात कोचीनच्या ज्यूंनी आणि, मजेची गोष्ट म्हणजे, ख्रिस्ती मिशनऱ्यांनी त्यांना हिब्रू शिकवलं. मिशनऱ्यांना वाटलं, जुना करार वाचतील आणि नव्याकडे येतील. हे लोक जुना करार वाचून जुन्यावरच आणखी पक्के झाले. १८४६ मध्ये मुंबईत वल्हांडण सणाची हिब्रू-मराठी पोथी छापली गेली. मोशेच्या आख्यानावर मराठी कीर्तनं रंगू लागली, नारदीय थाटाची. म्हणजे ते जगातल्या ज्यूंसारखे होत गेले ते मराठीच्याच हाताला धरून. छापखाना आला की लोक एकसारखे होतात असं म्हणतात, इथे उलट दोन ओळखी एकाच वेळी धारदार झाल्या.

पुढे बहुतेक जण इस्रायलला गेले. तिथे त्यांना विचारलं गेलं, तुम्ही खरे ज्यू कशावरून? लग्नासाठी आधीच्या पिढ्यांची चौकशी होऊ लागली. त्याविरुद्ध त्यांनी आंदोलन केलं आणि १९६४ मध्ये त्यांना पूर्ण बरोबरीचं मानलं गेलं. इथे शनिवार तेली, तिथे हिंदी. तिथून ते 'मायबोली' नावाचं मराठी मासिक काढत आले आहेत.

तिसरं उदाहरण मला सर्वांत आवडतं. मुंबई, साष्टी, वसई, ठाणे इथले मूळचे ख्रिस्ती मराठी बोलणारे. कोळी, कुणबी, आगरी, भंडारी अशा जातींतून आलेले. पोर्तुगीज गेल्यावरही सरकारी कागदावर त्यांना 'पोर्तुगीज ख्रिस्ती'च म्हणत. मग इंग्रजांच्या मुंबईत नोकरीसाठी गोव्याचे आणि मंगळुरूचे ख्रिस्ती येऊ लागले. त्यांनाही तोच शिक्का. आम्ही इथले, ते बाहेरचे, हे साहेबाला कळावं कसं? १८८७ साली व्हिक्टोरिया राणीच्या राज्याचा सुवर्णमहोत्सव होता. तो मुहूर्त साधून या समाजाने ईस्ट इंडिया कंपनीच्या नावावरून स्वतःला नाव घेतलं: ईस्ट इंडियन. भारताच्या पश्चिम किनाऱ्यावर, मराठी बोलणारे, लुगडं नेसणारे ईस्ट इंडियन! आज त्यांचा बाटलीत भरून ठेवायचा मसाला, फुगे म्हणजे तळलेले गोल पाव, लग्नातली गाणी हे सगळं त्याच नावाखाली अभिमानाने मिरवतं. कंपनी १८५८ मध्येच राज्यकारभारातून गेली, पण नाव राहिलं.

गावात सगळे आपलेच असतात तेव्हा स्वतःला नाव ठेवायची गरज पडत नाही. शेजारी नवा माणूस येतो, समोर टेबलवाला बसतो, तेव्हा नाव लागतं. ओळख आतून उगवते असं आपण धरून चालतो, पण पुष्कळदा ती रांगेत उभं राहिल्यावर सुचते.

जंजिऱ्याचं थोडक्यात सांगतो, कारण ते सगळ्यांना माहीत आहे. सिद्दी मूळचे आफ्रिकेतले, हबसाणातले म्हणून हबशी. गुलाम आणि शिपाई म्हणून आलेल्यांचे वारस इथे राजे झाले आणि १९४८ पर्यंत त्यांचं संस्थान टिकलं. जंजिरा हा शब्दही अरबी 'जझीरा'चा, अर्थ बेट. किल्ल्याबद्दल आपल्याकडे फक्त 'जिंकला का नाही' एवढंच बोललं जातं. आफ्रिकेतला माणूस कोकणी कसा झाला, हा खरं तर जास्त मोठा प्रश्न.

कागदावर पक्कं झालं की

इंग्रजांनी पोर्तुगीजांपेक्षा जास्त लिहून घेतलं. जमीन मोजली, माणसं मोजली, जाती मोजल्या. यातला धोका खोतीवरून कळतो.

खोत म्हणजे गावचा सारा गोळा करून सरकारात भरणारा मधला माणूस. पद्धत इंग्रजांच्या आधीची. पण रूढी रबरासारखी असते. वाईट पावसाळ्यात खोत थोडं सोडायचा, कूळ अगदीच पेटलं तर गाव सोडून जायचं. १८८० च्या खोती कायद्याने हे हक्क कागदावर बांधले. रबराची तार झाली. कूळ शेत कसायचं आणि निम्मं किंवा जास्त भात खोताच्या दारात ओतायचं, वर वेठ वेगळी. अलिबागजवळच्या चरी गावात १९३३ साली नारायण नागू पाटलांच्या पुढाकाराने कुळांनी ठरवलं की शेतच लावायचं नाही. आसपासची गावंही त्यात उतरली. हा संप जवळजवळ सहा वर्षं चालला. लोकांनी खाडीतले खेकडे, मासळी आणि रानातल्या मोळ्यांवर दिवस काढले. डॉ. आंबेडकर चरीला येऊन गेले आणि १९३७ मध्ये त्यांनी मुंबई विधिमंडळात खोती नष्ट करण्याचं विधेयक मांडलं. ती प्रत्यक्ष गेली स्वातंत्र्यानंतरच्या १९४९ च्या कायद्याने.

पण याच साम्राज्याची दापोलीतली गोष्ट ऐका. कंपनीच्या मुंबई फौजेत कोकणातले महार मोठ्या संख्येने होते. दापोलीच्या कॅम्पात निवृत्त शिपाई पेन्शन घेऊन राहत. गावात ज्यांची सावली चालत नव्हती त्यांच्याकडे पेन्शनचा कागद होता, पलटणीच्या शाळेतलं शिक्षण होतं. महाडजवळचे गोपाळबाबा वलंगकर हे असेच एक निवृत्त सैनिक. १८८८ मध्ये त्यांनी 'विटाळ विध्वंसन' ही पुस्तिका लिहून धर्मपंडितांना अस्पृश्यतेबद्दल प्रश्न विचारले. आंबेडकरांचे वडील रामजी सकपाळ सुभेदार होते, मूळ गाव मंडणगड तालुक्यातलं आंबडवे, निवृत्तीनंतर काही काळ दापोलीत. मग १८९० च्या दशकात इंग्रजांना 'लढाऊ जाती'ची थिअरी सुचली. काही जाती जन्मानेच शूर, बाकीच्या नाहीत. महारांची भरती बंद झाली. ज्या फौजेने जातीबाहेर काढलं होतं, तिनेच जातीत परत ढकललं. पण तोवर एक पिढी लिहायला शिकली होती. १९२७ च्या मार्चमध्ये महाडच्या चवदार तळ्यावर जे घडलं त्याच्यामागे ही सगळी पेन्शनर मंडळी उभी आहेत.

म्हणून 'इंग्रजांनी चांगलं केलं की वाईट' असं कुणी चहाच्या टपरीवर विचारलं की मी आधी विचारतो, कुणाच्या अंगणात उभं राहून विचारताय?

बोट, मनिऑर्डर आणि मुंबईत सापडलेलं मालवण

मुंबई म्हणजे आंदण. पोर्तुगालच्या राजकन्येचं लग्न इंग्लंडच्या राजाशी ठरलं, १६६१ च्या करारात बेट हुंड्यात गेलं, आणि १६६८ मध्ये राजाने ते कंपनीला वर्षाला दहा पौंड भाड्याने दिलं. तेव्हापासून चौल, दाभोळ, राजापूर ही जुनी बंदरं मागे पडत गेली.

१८५३ ला ठाण्यापर्यंत आगगाडी धावली, पुढे दहा वर्षांत बोरघाट चढून गेली. कोकणात मात्र खाली आली नाही. घाटावर कापूस होता, आमच्याकडे नाचणी आणि डोंगर. रूळ माल आणायला टाकले जातात. कोकणातून बाहेर पाठवण्यासारखा एकच माल होता, माणूस, आणि तो बोटीने आपला आपण जात होता. गिरण्या निघाल्या, रत्नागिरीचे गडी गिरणगावात आले. एकेका गावाने मिळून एक खोली भाड्याने घ्यायची, पाळीपाळीने झोपायचं, ट्रंका माळ्यावर. गावाकडे बायका शेत, सासू-सासरे आणि पोस्टमनची वाट हे सगळं सांभाळायच्या. मनिऑर्डरवर जिल्हा चालायचा. आधुनिकीकरण म्हणजे यंत्र असं आपण समजतो. कोकणात त्याचा अर्थ नवरा वर्षातून दोनदा भेटणं असा होता. आणि बोट नेहमी पोचायचीच असं नाही. १७ जुलै १९४७ ला भाऊच्या धक्क्यावरून रेवसला निघालेली 'रामदास' बुडाली, सहाशेवर माणसं गेली. आमच्याकडे अजून जुनी माणसं तिचं नाव घेताना थांबतात.

कोकण रेल्वे पूर्ण धावली ती २६ जानेवारी १९९८ ला. तोवर गिरण्या संपल्या होत्या.

या ये-जा करणाऱ्या माणसाला एक नवीनच नाव पडलं: चाकरमानी. गावात तो मुंबईकर, मुंबईत कोकण्या. मालवणी ओळखही मुंबईतच पक्की झाली असं माझं मत आहे. मालवणात कुणी 'मालवणी मसालो' म्हणत नाही, नुसतं 'मसालो' म्हणतात. नाव लागतं ते दादरच्या खाणावळीच्या पाटीवर. बोलीचंही तसंच. शाळेत 'खंय', 'कित्या' म्हटलं की मास्तर छडी दाखवायचे. १९८० नंतर मच्छिंद्र कांबळींनी 'वस्त्रहरण' मालवणीत गाजवलं आणि त्याचे हजारो प्रयोग झाले. ज्या बोलीची लाज वाटायची तिच्यासाठी लोक तिकीट काढू लागले.

कोकणी मुसलमानांच्या गावांत हीच गोष्ट मुंबईच्या पलीकडे गेली. आधी गोऱ्यांच्या जहाजांवर खलाशी, काही जण थेट दक्षिण आफ्रिकेत. केप टाऊनमध्ये त्यांची जुनी वस्ती आहे. मग तेलाचा पैसा वाढल्यावर आखाती देश. जी अरब गलबतं हजार वर्षांपूर्वी इकडे यायची, तो रस्ता उलट्या दिशेने वाहू लागला.

साम्राज्य कधीकधी माणसं नुसती इकडून तिकडे ठेवतं, अडगळीसारखी. दिल्लीचा बादशहा रंगूनला नेला आणि ब्रह्मदेशचा राजा थिबा १८८६ मध्ये रत्नागिरीला आणून ठेवला. तीस वर्षं तो समुद्राकडे बघत बसला आणि १९१६ मध्ये तिथेच गेला. त्याची एक नात रत्नागिरीतच राहिली, मराठी बोलत, चारचौघींसारखा संसार करत.

आता आमच्याकडे नवी पाळी आलीय. २०२० पासून भाऊच्या धक्क्यावरून मांडव्याला मोटारीसकट येता येतं. सातबारे बदलतायत. वाड्यांच्या जागी बंगले आणि उंच भिंती. गेल्या मे महिन्यात मी लहानपणीच्या पायवाटेने समुद्रावर निघालो होतो. मध्येच एक नवं फाटक, त्याच्याशी प्लास्टिकच्या खुर्चीवर एक विशीतला वॉचमन. त्याने हात आडवा केला.

"किसके यहाँ जाना है?"

मी म्हटलं, मी चौलचा. त्याच्या चेहऱ्यावर काही हललं नाही. वही पुढे केली: नाव, कुणाकडे, वेळ, सही. मी लिहिलं. 'कुणाकडे'च्या रकान्यात काय लिहावं ते सुचेना, तेव्हा 'समुद्र' लिहिलं. तो वाचून हसला.

"तुम्हारा गाँव कौन सा?" मी विचारलं.

"झारखंड," तो म्हणाला. मी तसाच उभा राहिलो. मग म्हणाला, "गुमला जिला." मग जरा थांबून गावाचं नाव सांगितलं, त्यानंतर टोल्याचं, आणि शेवटी, मी विचारलं नसताना, बापाचं.